मखराचा चौथा खांब

बँकेने माझ्या नवऱ्याच्या आयुष्यातलं एक वर्ष मागितलं होतं, पंच्याण्णव हजार रुपयांच्या बदल्यात. आणि तो ते द्यायला निघालाही होता. मी देऊ दिलं नाही. गोष्ट एवढीच आहे, पण सांगताना अजूनही माझा आवाज चढतो, तेव्हा वाचणाऱ्यांनी सांभाळून घ्यावं.

तो शहाऐंशी साली अबुधाबीला गेला तो एकटा. एका खोलीत सहा जण, दोन मजली लोखंडी खाटा, स्वयंपाकाची पाळी. आखातात अशा माणसाला बॅचलर म्हणतात. घरी बायको असो, पोर असो, तो बॅचलरच. कारण ठरावीक आकड्याच्या खाली पगार असला की बायकोला व्हिसा मिळत नाही. आमची लेक पुण्यात जन्मली, तेव्हा त्याने तिला पाहिलं ती आठ महिन्यांची झाल्यावर. त्याला बघून ती जी रडायला लागली, ती दोन दिवस त्याच्या वाऱ्याला उभी राहीना. तिसऱ्या दिवशी गेली, आणि पंधराव्या दिवशी त्याची रजा संपली. अशी सहा वर्षं काढली आम्ही. ब्याण्णव साली पगार त्या आकड्याच्या वर गेला आणि आम्ही मायलेकी तिथे पोचलो. विमानतळावरून घरी जाताना टॅक्सीत मी त्याला म्हटलं, ‘‘अहो, झालं ते झालं. आता पुन्हा असं राहायचं नाही.’’ तो ‘‘नाही’’ म्हणाला. हे वचन होतं आणि मी ते तसंच धरून होते.

तिकडे तेव्हा आपल्यासारख्याला घर विकत घेता येत नसे. जन्मभर भाडं भरा आणि नोकरी संपली की चालू लागा. त्यामुळे प्रत्येकाचं घर मागे, पुण्याला नाही तर ठाण्याला. आम्हीही शहाण्णव साली पुण्यात फ्लॅट घेतला. नऊ लाखांचं कर्ज, पंधरा टक्के व्याज, पंधरा वर्षं. फॉर्मवर पत्त्याचा रकाना आला तेव्हा नवऱ्याने सगळे लिहितात तेच लिहिलं: कंपनीचं नाव आणि कंपनीच्या पोस्टाच्या पेटीचा नंबर. तिथे घरोघर पोस्टमन येत नाही. सगळं टपाल कंपनीच्या पेटीत पडतं आणि ऑफिसातला माणूस ते वाटतो. हा पत्ता आपला नसून नोकरीचा आहे, हे तेव्हा आमच्यापैकी कुणाच्या डोक्यातही येत नसे.

पुढच्याच वर्षी कंपनीने अबुधाबीचं ऑफिस बंद केलं आणि आमची दुबईला बदली झाली. कंपनी तीच, पेटी नवी. त्या थंडीत बँकेने दुबईच्या एका हॉटेलात आपल्या लोकांसाठी गृहकर्ज मेळावा भरवला होता. मी स्वतः तिथे गेले आणि नव्या पेटीच्या नंबराचं पत्र, कर्जखात्याचा नंबर घालून, टेबलामागच्या साहेबांच्या हातात दिलं. त्यांनी ते फाइलमध्ये ठेवलं आणि मला समोसा दिला. पोचपावती मी मागितली नाही. दुबईच्या ऊद मेथा भागातल्या शाळेत तिसरीला गणित शिकवत होते मी. दहा मार्कांच्या चाचणीवरसुद्धा पालकांची सही आणल्याशिवाय पोराला जागेवर बसू देत नसे. आणि घराच्या कागदाला मात्र पोचपावती नाही. ही माझी चूक, ती मी कबूल करते. बाकीची बँकेची.

त्यानंतर बँकेचं एक पत्र मात्र न चुकता यायला लागलं. पत्र म्हणजे कॅलेंडर. दर नव्या वर्षाच्या तोंडावर, जाड पुठ्ठ्याच्या नळीत गुंडाळलेलं. कॅलेंडर मी स्वयंपाकघरात लावी आणि नळी ठेवून देई. अशा चार नळ्या जमल्या, तेव्हा माझ्या मनात मखर आलं. दुबईत गणपती बसवायचा म्हणजे मिळेल त्यातून आरास करायची. चार नळ्यांना सोनेरी कागद चिकटवून चार खांब केले, वर पुठ्ठ्याची कमान. लोक आरतीला येत ते आधी मखराला हात लावून बघत. विसर्जन झालं की खांब कपाटावर जात.

दोन हजार दोनच्या मार्चमध्ये कंपनीने सांगितलं, दुबईचा विभाग ऑगस्टअखेर बंद. नवऱ्याला सोळा वर्षांची ग्रॅच्युइटी मिळणार होती.

‘‘अडतीस हजार दिरहम,’’ तो जेवताना म्हणाला. ‘‘म्हणजे दिरहमला तेरा रुपयांनी धर... चार लाख चौऱ्याण्णव हजार.’’

आमची शिल्लक दीड लाखाच्या वर होती. दोन्ही मिळून साडेसहा लाख. सहा वर्षं हप्ते भरतोय, तेवढंच राहिलं असेल, कर्ज फेडू, कागद सोडवू आणि सगळेच घरी जाऊ, असा हिशेब आम्ही केला. लेकीचं नववीचं ॲडमिशनही पुण्यात करून टाकलं. मग बँकेकडून फॅक्स आला. बाकी सात लाख चव्वेचाळीस हजार.

शाळेच्या स्टाफरूममध्ये मी तो फॅक्स समोर धरून बसले होते. शेजारी माझी केरळची मैत्रीण बसायची, ती विज्ञान शिकवायची. तिचंही कर्ज त्याच बँकेचं. तिने वाकून आकडा बघितला.

‘‘फिफ्टीन परसेंट? अभी भी?’’ ती म्हणाली. ‘‘अपना तो कब का कम हो गया. नाइन्टी नाइन में लेटर आया था ना, साइन करके भेजो, नया रेट लगेगा. तुमने भेजा नहीं?’’

मला कुठलंही लेटर आलं नव्हतं. मधल्या सुट्टीत मी शाळेसमोरच्या फोनवरून कार्ड घालून पुण्याला बँकेत फोन लावला. कर्जविभागातले साहेब म्हणाले, ‘‘मॅडम, नोटीस पाठवली होती. साठ दिवसांत संमती कळवायची होती. तुमचंच उत्तर आलं नाही.’’ मी नोटिशीची प्रत मागितली. ती दोन दिवसांनी फॅक्सवर आली. वर तारीख जुलै नव्व्याण्णवची आणि पत्ता अबुधाबीच्या पेटीचा. आम्ही त्या तारखेच्या दोन वर्षं आधीच सोडलेल्या पेटीचा! कुणाच्या हाती ते पत्र पडलं असेल देव जाणे.

मी लाल पेन घेऊन बसले आणि नव्या दराने सगळे हप्ते पुन्हा मांडले. फरक निघाला पंच्याण्णव हजारांचा. ‘‘सात हजार तीनशे दिरहम,’’ नवरा हळूच म्हणाला. मग त्याने खिशातून एक कागद काढला. कंपनीचं दूर वाळवंटात पाइपलाइनचं काम चालू होतं. तिथल्या कॅम्पवर एक वर्षाचं कंत्राट देत होते. फॅमिलीला परवानगी नाही. एका खोलीत चौघे.

‘‘एक वर्षच तर आहे,’’ तो म्हणाला. ‘‘तुम्ही दोघी पुढे व्हा. मी ते पंच्याण्णव हजार उभे करतो आणि येतो. अगं, बँकेशी कोण भांडणार?’’

‘‘मी,’’ मी म्हटलं.

‘‘पुरावा काय आहे आपल्याकडे? पोचपावती नाही.’’

हे खरं होतं, आणि खरं होतं म्हणून मला जास्त राग आला. त्याचा नव्हे. तो माणूसच असा की दुकानदाराने सुटे कमी दिले तरी ‘असू दे’ म्हणेल. राग आला तो त्या नोटिशीचा. वर्ष त्याने पत्र्याच्या खोलीत काढायचं आणि का, तर बँकेला पत्ता बदलायला वेळ झाला नाही म्हणून! चोर तो चोर, वर शिरजोर.

शुक्रवारी सामान बांधायला घेतलं. कार्गोने काय पाठवायचं आणि काय टाकायचं, असे दोन ढीग. कपाटावरून लेकीने मखराचे खांब काढले आणि विचारलं, ‘‘आई, कीप ऑर थ्रो?’’ एका खांबाचा सोनेरी कागद कडेला सुटला होता. त्याखाली पांढऱ्या लेबलाचा कोपरा दिसत होता आणि त्यावर नवऱ्याच्या नावाची शेवटची तीन अक्षरं.

मी खालीच बसले. कॅलेंडर! कॅलेंडर आमच्याकडे यायचं कसं? पत्ता नव्हता ना बँकेकडे?

नखाने कागद ओढायला लागले तशी लेक ओरडली, ‘‘स्टॉप इट! यू विल टिअर द लेबल.’’ तिने स्वयंपाकघरात पातेलं चढवलं आणि खांब वाफेवर धरला. पहिल्या खांबाचं लेबल गोंदाने पार चिकटलेलं, कागदाबरोबर निघून आलं, अर्धं फाटलं. दुसऱ्यावर नाव होतं, नवी पेटी होती, पण पोस्टाचा शिक्का पुसट. तिसरा खांब दोन हजारचा, म्हणजे नोटिशीच्या नंतरचा. बँक म्हणाली असती, पत्ता तेव्हा कळला. चौथ्याचा कागद सोलताना मी लेकीलाही बोलू दिलं नाही. लेबल अखंड निघालं. नवऱ्याचं नाव, दुबईची पेटी, खाली छापलेला कर्जखात्याचा नंबर. आणि वर काळा, गोल, ठसठशीत शिक्का: डिसेंबर अठ्ठ्याण्णव. नोटिशीच्या सात महिने आधीचा.

कॅलेंडर पाठवायला आमचा पत्ता होता. व्याज कमी करायला नव्हता. मी मोठ्याने हसले आणि मग मला रडू आलं. लेक म्हणाली, ‘‘सो? आर वी विनिंग?’’

‘‘इन्शाल्ला,’’ तिचा बाप दारातून म्हणाला.

जुलैत आम्ही मायलेकी कायमच्या पुण्याला आलो. नवरा मागे राहिला. कंत्राटाचं उत्तर त्याने महिनाअखेर द्यायचं होतं आणि मी त्याच्याकडून तोवर सही न करण्याचं कबूल करून घेतलं होतं. चौथा खांब मी विमानात हातात घेऊन आले. कस्टमवाल्याने नळीत डोकावून विचारलं, ‘‘इसमें क्या है?’’ मी म्हटलं, ‘‘कुछ नहीं. बाहर देखो.’’

बँकेत जाण्याआधी लेबलाची झेरॉक्स हवी होती. नळीची झेरॉक्स कशी काढायची? दुकानदाराने ती काचेवर ठेवली आणि प्रकाशाच्या पट्टीबरोबर हाताने हळूहळू फिरवली. चार वेळा बिघडलं, पाचव्या वेळी नाव, पेटी, नंबर आणि शिक्का सगळं एका ओळीत आलं. त्याने चारच रुपये घेतले आणि विचारलं, काय केस आहे. मी सगळी सांगितली. मागे रांग लागली होती, तिनेही ऐकली.

कर्जविभागातले साहेब म्हणजे फोनवरचेच. त्यांनी माझी लाल पेनातली आकडेमोड बाजूला सारली आणि हसून म्हणाले, ‘‘मॅडम, तुम्हा दुबईवाल्यांना पंच्याण्णव हजार म्हणजे काय हो! आमच्या इथल्या माणसाने तक्रार केली तर समजू शकतो.’’

तोवर मी शांत बोलणार होते. घरून तसं ठरवून आले होते.

‘‘दुबईवाल्यांना काय ते मी सांगते,’’ मी म्हटलं. ‘‘दुबईवाला सहा जणांत एका खोलीत राहतो. आपली पोर पहिल्यांदा आठ महिन्यांची असताना बघतो. पंच्याण्णव हजार म्हणजे त्याचं आणखी एक वर्ष, पत्र्याच्या खोलीत, पन्नास डिग्रीत. तुम्ही देता का तुमचं एक वर्ष? द्या, मी इथल्या इथे चेक फाडते.’’

मग मी पिशवीतून खांब काढला आणि त्यांच्या टेबलावर उभा केला. एका बाजूने अजून सोनेरी कागद लोंबत होता.

त्यांनी लेबल वाचलं. पुन्हा वाचलं. ‘‘हे कॅलेंडरचं काम बाहेरची एजन्सी करते,’’ ते म्हणाले.

‘‘एजन्सीला कर्जखात्याचा नंबर स्वप्नात दिसला का?’’

त्यांनी मला मॅनेजरांकडे पाठवलं. मॅनेजर गोड बोलणारे होते. त्यांनी चहा मागवला, खांबाचं कौतुक केलं आणि म्हणाले, ‘‘ताई, विशेष बाब म्हणून आपण निम्मे सोडू. तुम्ही फक्त एक विनंतीअर्ज द्या. बँकेकडून पत्र पाठवण्यात कसूर झालेली नाही, सहानुभूतीपूर्वक सवलत मिळावी, असा.’’ अर्ज टाइप करून तयारच होता.

निम्मे म्हणजे साडेसत्तेचाळीस हजार. खोटं कशाला सांगू, क्षणभर मी पेन उघडलं. उरलेले कुठूनतरी उसने मिळाले असते. पण कुठूनतरी म्हणजे नवऱ्याकडूनच की! तो सहा महिने तरी कॅम्पवर गेलाच असता. शिवाय माझ्या हाताने मी लिहून द्यायचं की चूक झाली नाही? तिसरीतलं पोरसुद्धा उत्तर चुकलं की आधी खोडतं, मग मार्क मागतं.

‘‘मला सवलत नको,’’ मी म्हटलं. ‘‘चूक दुरुस्त करून हवी.’’ बँकांविरुद्धच्या तक्रारी ऐकणाऱ्या बँकिंग लोकपालांकडे पाठवलेल्या तक्रारीची प्रत मी झेरॉक्सला जोडून त्यांच्या टेबलावर ठेवली. मूळची सकाळीच मुंबईला रजिस्टर्ड टाकली होती. या वेळी पोचपावतीसकट.

पण लोकपालांचं उत्तर यायला महिने लागणार आणि माझ्या हातात नऊ दिवस होते. म्हणून दुसऱ्या दिवसापासून मी बँकेत जाऊन बसू लागले. दहाला उघडलं की आत, दोनला कामकाज संपलं की बाहेर. ग्राहकांच्या बाकावर मी आणि शेजारी खांब, लेबल पुढे करून. कुणी विचारलं की सांगायचं, न विचारलं तर गप्प. शिपायाने एकदा ‘‘बाई, हे इथे नाही ठेवता यायचं’’ म्हणून पाहिलं. मी विचारलं, तसा नियम कुठे लिहिलाय ते दाखवा. तो परत आला नाही. तिसऱ्या दिवशी एक निवृत्त गृहस्थ लेबल वाचून म्हणाले, त्यांचा मुलगा मस्कतला आहे, त्यालाही अशी नोटीस आली नव्हती, आणि ते थेट मॅनेजरांच्या खोलीत शिरले. त्या दुपारपासून मॅनेजरांकडून येणारा चहा बंद झाला. मला बरं वाटलं. गोड बोलणं संपलं म्हणजे काम सुरू झालं.

त्या आठवड्यात नवरा रोज फोन करी आणि रोज विचारी, ‘‘काय म्हणतात?’’ मी सांगे, बसलेय. ‘‘बरं’’ म्हणून तो फोन ठेवी, आणि मला कळे की तो कंत्राटाच्या कागदाकडे बघतोय.

महिनाअखेरच्या शुक्रवारी, बारा वाजता, मॅनेजरांनी आत बोलावलं. मुख्य कार्यालयाचं पत्र आलं होतं. सुधारित व्याजदराची सूचना कर्जदाराच्या नोंदलेल्या नव्या पत्त्यावर न गेल्याने दर सूचनेच्या तारखेपासून लागू करण्यात येत आहे. बाकी सहा लाख एकोणपन्नास हजार. कुठेही ‘सवलत’ नव्हतं. ‘चूक’ हा शब्दही नव्हता म्हणा, बँका तो शिकतच नाहीत, पण ‘न गेल्याने’ होतं. मी तेवढ्यावर सही केली.

बँकेसमोरच्या बूथवरून दुबईला फोन लावला. आमच्या तिथल्या घरच्या फोनची रिंग कितीतरी वेळ वाजत होती.

‘‘झालं,’’ मी म्हटलं. ‘‘पूर्ण पंच्याण्णव.’’

मग बँकेचं पत्र एका दमात वाचून दाखवलं.

‘‘अहो, ऐकताय ना?’’

‘‘मी सही केली,’’ तो म्हणाला. ‘‘बुधवारी. मला वाटलं, तुला जमायचं नाही ते. तुझा दोष नाही, पण बँक आहे ती...’’

बूथवाल्याच्या मीटरवरचा आकडा लाल लाल पुढे सरकत होता. ‘‘कागद कुठे आहे?’’ मी विचारलं.

‘‘इथेच. ड्रॉवरमध्ये. गुरुवार-शुक्रवार सुट्टी ना. उद्या सकाळी द्यायचाय.’’

सगळ्या पुण्यात शुक्रवारी कामं चालू असतात आणि सगळी दुबई बंद असते. दहा वर्षं या उलट्या आठवड्याला मी नावं ठेवली होती. त्या दिवशी मी त्याला मनातून हात जोडले.

‘‘फाडा,’’ मी म्हटलं.

‘‘अगं, कंपनीला काय सांगू?’’

‘‘सांगा, बायको ऐकत नाही. फाडा. मला ऐकू येऊ दे.’’

त्याने रिसीव्हर खाली ठेवला. ड्रॉवरचा आवाज आला. मग कागद फाटल्याचा, एकदा, आणि थोडं थांबून आणखी एकदा. ‘‘खलास,’’ तो म्हणाला, आणि त्याचा आवाज फुटला. लग्नानंतर मी त्याला रडताना पहिल्यांदा ऐकत होते. बूथवाल्याने एकशे चाळीस रुपये झाल्याचं सांगितलं.

सप्टेंबरात, गणपतीच्या दोन दिवस आधी, तो दोन बॅगा आणि कंपनीने निरोपाला दिलेलं घड्याळ घेऊन आला. हजार रुपये उरले होते, त्याचे पेढे आणले. कागद आदल्याच आठवड्यात बँकेतून सोडवले होते. कार्गोची पेटीही आली होती. तीन खांबांना नवा सोनेरी कागद लावून झाला, चौथ्याला मी लावू शकले नाही. लोकपालांकडचं पत्र अजून यायचं होतं, लेबल हवं होतं, असं मी म्हटलं, पण खरं म्हणजे मनच होईना. चारचौघांत बरं दिसावं म्हणून मी तो उघडा खांब मागच्या बाजूला लावला, लेबल भिंतीकडे करून.

आरतीची वेळ झाली. नव्या बिल्डिंगमधले शेजारी जमले. मी आतून तबक घेऊन आले, तर खांब पुढे आला होता. लेबल सगळ्यांच्या समोर, शिक्क्यासकट. शेजारच्या काकूंनी विचारलं, ‘‘अहो, याला कागद चिकटवायचा राहिला का?’’

दुकानदाराकडे कधी सुटे न मागितलेल्या माझ्या नवऱ्याने माझ्या हातातलं तबक घेतलं. ‘‘राहिला नाही,’’ तो म्हणाला. ‘‘मीच पुढे लावलाय. आरतीनंतर सगळं सांगतो.’’